आईची शाळा आणि बाळाचा जीव

बाळ पाच वर्षांचे होईपर्यंत सुखरूप राहील की नाही, हे कशावरून ठरते? कोणत्याही डॉक्टरला विचारा, उत्तर ठरलेले येईल. लसीकरण, स्वच्छ पाणी, आईचे दूध, पुरेसा आहार, वेळेवर उपचार. यादी बरोबरच आहे. आम्ही एमबीबीएसला असताना पीएसएम, म्हणजे प्रिव्हेंटिव्ह अँड सोशल मेडिसिन, या विषयात हीच यादी पाठ करायचो. तिच्या शेवटी कुठेतरी 'मातेचे शिक्षण' असे एक कलम असायचे. उत्तरपत्रिकेत ते लिहिले की अर्धा मार्क पदरात पडायचा. ते तिथे का आहे, हे विचारायला वेळ कोणाला होता?

गंमत अशी की हे कलम डॉक्टरांनी शोधलेले नाही. लोकसंख्याशास्त्रज्ञ, मानववंशशास्त्रज्ञ आणि अर्थशास्त्रज्ञ यांनी ते हुडकले, मग त्यावर शंका घेतल्या, एकमेकांशी वाद घातले आणि जवळजवळ ५० वर्षांनंतर त्याला आजचे रूप आले. रोग, औषध, लस यांच्या शोधाच्या गोष्टी आपण वाचतो. सामाजिक धोरणामागच्या संशोधनाची गोष्ट सहसा कोणी सांगत नाही. म्हणून आजचा लेख त्यावर.

आधी थोडी पार्श्वभूमी. १९७० च्या दशकात आरोग्याच्या अभ्यासात एक मोठा वाद पेटला होता. बर्मिंगहॅमचे डॉक्टर-प्राध्यापक थॉमस मॅककिओन यांनी इंग्लंडच्या जुन्या मृत्यूनोंदी तपासून सांगितले की तिथले आयुर्मान वाढण्यात औषधांचा वाटा फार थोडा होता. क्षयरोगाचे उदाहरण प्रसिद्ध आहे. स्ट्रेप्टोमायसिन तिथे १९४७ च्या सुमारास वापरात आले. पण क्षयाचे मृत्यू १९ व्या शतकाच्या मध्यापासूनच घटत होते आणि इंजेक्शन येईपर्यंत बहुतेक घट होऊनही गेली होती. मॅककिओन यांनी याचे श्रेय मुख्यतः सुधारलेल्या आहाराला, पर्यायाने वाढलेल्या मिळकतीला दिले. (१९८८ मध्ये इतिहासकार सायमन श्रेटर यांनी त्यांना खोडून काढले. पाणी, गटारे, घरे यांसाठी तिथल्या नगरपालिकांनी केलेला खर्च आणि त्यासाठी झालेली राजकीय भांडणे मॅककिओन यांनी हिशेबातच धरली नव्हती, असे त्यांचे म्हणणे. मला श्रेटर यांची बाजू अधिक पटते.)

म्हणजे पैसा आला की आरोग्य आपोआप येते का? १९७५ मध्ये अमेरिकी लोकसंख्याशास्त्रज्ञ सॅम्युएल प्रेस्टन यांनी यावर एक साधा आलेख काढला. एका बाजूला देशाचे दरडोई उत्पन्न, दुसऱ्या बाजूला सरासरी आयुर्मान. असे तीन आलेख त्यांनी १९०० चे, १९३० चे आणि १९६० चे दशक असे घेऊन काढले. श्रीमंत देशांत माणसे जास्त जगतात, हे तिन्हींत दिसले. पण दर वेळी अख्खी रेघच वर सरकली होती. तेवढ्याच उत्पन्नाचा देश ३० वर्षांनंतर अधिक जगत होता. प्रेस्टन यांचा हिशेब असा की १९३० ते १९६० च्या दशकांत जगाचे जे आयुर्मान वाढले, त्यात निव्वळ उत्पन्नवाढीचा वाटा १० ते २५ टक्के इतकाच होता. उरलेले श्रेय 'दुसऱ्या कशाला तरी' होते. त्या 'दुसऱ्या कशात' लसी, डास मारण्याच्या मोहिमा, स्वच्छता या सगळ्या गोष्टी होत्या. आणखी काय होते?

याचे एक उत्तर नायजेरियातून आले.

जॉन कॉल्डवेल हे कॅनबेराच्या ऑस्ट्रेलियन नॅशनल युनिव्हर्सिटीतले लोकसंख्याशास्त्रज्ञ. १९६० च्या दशकापासून त्यांनी पश्चिम आफ्रिकेत काम केले. १९७३ मध्ये इबादान या मोठ्या शहरात योरुबा स्त्रियांची एक मोठी पाहणी झाली. प्रश्न अगदी सरळ होते. किती मुले झाली? त्यांतली किती हयात आहेत? तुमचे शिक्षण किती, नवऱ्याचे किती, त्याचा धंदा काय, घर कसे आहे? कॉल्डवेल यांनी १९७९ मध्ये या आकड्यांवर निबंध लिहिला. नवऱ्याचे शिक्षण, त्याचा व्यवसाय, राहण्याची जागा या सगळ्या बाबी सारख्या असलेल्या बायकांचे गट करून पाहिले, तरी एक फरक पुसला जात नव्हता. शाळेत गेलेल्या आईची मुले जास्त जगत होती. बाकी कोणत्याही एका घटकापेक्षा आईच्या शिक्षणाचा संबंध ठळक होता.

याच सुमाराचा दुसरा एक तपशील मला त्याहून बोलका वाटतो. नायजेरियातल्याच दोन जागांची तुलना झाली होती. एके ठिकाणी दवाखाना आणि डॉक्टर हाताशी, दुसरीकडे तशी सोय नाही. बाकी माणसे, शेती, चालीरीती साधारण सारख्या. कॉल्डवेल यांनी हिशेब केला: आई निरक्षर असून फक्त दवाखाना जवळ आला, तर बाळाच्या जन्मावेळच्या आयुर्मानात २० टक्के वाढ. दवाखाना नाही पण आई शिकलेली, तर ३३ टक्के. आणि दोन्ही असतील तर ८७ टक्के!

२० अधिक ३३ म्हणजे ५३. मग ८७ कुठून आले? औषधशास्त्रात याला आम्ही सिनर्जी म्हणतो. कोट्रायमोक्साझोल हे जुने औषध घ्या. त्यातली दोन द्रव्ये जंतूच्या एकाच कामात दोन ठिकाणी खोडा घालतात, म्हणून एकत्र दिल्यावर त्यांचा परिणाम नुसत्या बेरजेपेक्षा मोठा होतो. दवाखाना आणि आईची शाळा यांचे तसेच आहे. दवाखाना बांधला तरी त्याचा पुरता उपयोग करून घेणारे कोणीतरी घरात लागते. आणि ते कोणी घरात असले, तरी जवळ दवाखाना लागतोच. आरोग्य खाते आणि शिक्षण खाते आपापल्या फायली वेगळ्या ठेवतात, तेव्हा मला हा ८७ चा आकडा आठवतो.

आता मुख्य प्रश्न. शाळेत असे काय शिकवतात की ज्याने वीस वर्षांनंतर बाळ वाचते?

पहिले उत्तर सुचते ते 'आरोग्याचे ज्ञान'. जंतू, हात धुणे, पाणी उकळणे. पण चौथी-पाचवीपर्यंतच्या शाळेत याबद्दल कितीसे शिकवतात? कॉल्डवेल यांचे म्हणणे वेगळे होते. शाळेने बाईची जगात वावरण्याची रीत बदलते, असे ते म्हणाले. 'नशिबात असेल तसे होईल' हा भाव थोडा कमी होतो. परक्या माणसाशी, नर्सशी, डॉक्टरशी बोलायची भीड चेपते. आणि सर्वात महत्त्वाचे म्हणजे घरातला तोल सरकतो. बाळ तापाने फणफणले आहे हे आधी कोणी बोलायचे, दवाखान्यात न्यायचे की अंगारा लावायचा हे कोणी ठरवायचे, यात शिकलेल्या सुनेचा शब्द थोडा जड होतो.

पुढे कॉल्डवेल, त्यांच्या पत्नी पॅट कॉल्डवेल आणि पी. एच. रेड्डी यांनी कर्नाटकातल्या खेड्यांत राहून हीच गोष्ट जवळून पाहिली. तो निबंध १९८३ चा. एकत्र कुटुंबात बाळ आजारी आहे हे जाहीर करण्याचा मानही सासूचा असतो, सून ते पाहत असली तरी गप्प राहते, हे त्यात येते. कॉल्डवेल यांनी आणखी एक बारीक गोष्ट टिपली. औषधाने गुण आला नाही तर शिकलेली आई पुन्हा डॉक्टरकडे जाते. न शिकलेली आई बऱ्याचदा जात नाही, कारण परत जाणे म्हणजे एवढ्या मोठ्या माणसाला 'तुमचे औषध लागू पडले नाही' असे तोंडावर सांगणे.

हे वाचले तेव्हा मी थबकले. आजही माझ्या ओपीडीत बाळ आईच्या मांडीवर असते आणि प्रश्नांची उत्तरे आजी देते. 'दोन दिवसांत ताप उतरला नाही तर परत या' हे वाक्य मी रोज वीस वेळा म्हणत असेन. ते ऐकून खरोखर परत येण्यासाठी किती धीर लागतो, हे त्या वाक्यात कुठेच दिसत नाही. न्यूमोनियात मात्र दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी परत येण्यावर सगळे अवलंबून असते.

शाळेचा आणखी एक मार्ग शरीरातून जातो. शाळेत राहिलेल्या मुलीचे लग्न उशिरा होते, पहिले बाळंतपण उशिरा होते, दोन मुलांतले अंतर वाढते. सोळाव्या वर्षी आई झालेल्या मुलीचे बाळ कमी वजनाचे असण्याचा धोका किती, हे वेगळे सांगायला नको.

१९८५ मध्ये इटलीतल्या बेलाजिओ येथे रॉकफेलर फाउंडेशनने एक बैठक भरवली. विषय होता कमी खर्चात चांगले आरोग्य. चार उदाहरणे चर्चेला होती: चीन, कोस्टारिका, श्रीलंका आणि आपले केरळ. पुढच्याच वर्षी कॉल्डवेल यांनी सगळ्या जगाची यादी मांडली. उत्पन्नाच्या मानाने ज्यांचे आरोग्य फार चांगले, त्यांत केरळ, श्रीलंका, कोस्टारिका वर. उत्पन्नाच्या मानाने फार वाईट, त्यांत ओमान आणि सौदी अरेबियासारखे तेलाच्या पैशाने गब्बर झालेले देश. पैसा होता, इस्पितळे बांधता येत होती. मुलींच्या शाळा मागे पडल्या होत्या. (पुढे त्यांनी मुलींना शाळेत घातले आणि ओमानचे बालमृत्यू झपाट्याने घटले, हेही सांगायला हवे.)

केरळबद्दल मात्र एक सावधगिरी. 'तिथल्या बायका शिकलेल्या' एवढ्यावर गोष्ट संपत नाही. मोनी नाग यांनी १९८३ मध्ये केरळ आणि पश्चिम बंगाल यांची तुलना केली. बंगालचे उत्पन्न जास्त, शहरीकरण जास्त, तरी मृत्युदर जास्त. फरक पडत होता तो लोक आरोग्यसेवा किती वापरतात यात. आणि लोक ती का वापरतात, याचे उत्तर अमेरिकी मानववंशशास्त्रज्ञ जोन मेंचर यांनी १९८० मध्येच दिले होते. केरळात प्राथमिक आरोग्य केंद्रात काही दिवस डॉक्टर नसला, तर लोक मोर्चा घेऊन कलेक्टर कचेरीवर जातात, कारण ही सेवा आपल्या हक्काची आहे हे त्यांना ठाऊक असते. तेव्हा शाळा, राजकीय जागृती आणि दवाखाना या तिन्हींची तिथे सांगड पडली होती. २०२० च्या नमुना नोंदणी पाहणीत केरळचा अर्भक मृत्युदर हजारी ६ होता, महाराष्ट्राचा १६ आणि देशाचा २८.

इथपर्यंत चित्र सुंदर होते. धोरणकर्त्यांना तर फारच आवडले, कारण सांगायला सोपे. मुलगी शिकवा, बाळ वाचवा. पण संशोधनात सुंदर चित्रावर कोणीतरी बोट ठेवावेच लागते.

१९८८ मध्ये जॉन क्लेलँड आणि जेरोम व्हान गिनेकेन यांनी अनेक देशांच्या पाहण्या एकत्र तपासल्या. आईच्या शाळेच्या दर एका वर्षामागे पाच वर्षांखालील मृत्यू ७ ते ९ टक्क्यांनी कमी, असे सरासरी दिसले. पण यातला जवळजवळ अर्धा परिणाम शिक्षणासोबत येणाऱ्या आर्थिक सुबत्तेचा असावा, असेही त्यांनी नोंदवले. दहा वर्षांनी सोनलदे देसाई आणि सौम्या अल्वा यांनी आणखी कडक तपासणी केली. २२ देशांची माहिती घेऊन त्यांनी नवऱ्याचे शिक्षण, नळाचे पाणी, संडास आणि राहण्याचे ठिकाण या बाबी हिशेबात धरल्या, तेव्हा अर्भकमृत्यू आणि मुलांची उंची यांवरचा आईच्या शिक्षणाचा परिणाम बराच फिका पडला. लसीकरणावरचा परिणाम मात्र निम्म्या देशांत टिकून राहिला.

याचा अर्थ सोप्या शब्दांत असा. शिकलेली आई बहुधा शिकलेल्या नवऱ्याच्या, नळ आणि संडास असलेल्या घरात, दवाखाना जवळ असलेल्या वस्तीत राहते. तिच्या बाळाला जुलाब कमी होतात ते तिच्या शाळेमुळे की नळामुळे? हे वेगळे केले नाही तर नळाचे श्रेय शाळेला जाते. मग सरकारला शाळेची घोषणा करून पाण्याच्या योजनेवरून नजर हटवता येते. देसाई-अल्वा यांचा निबंध मुलींच्या शिक्षणाविरुद्ध आहे असे काहींना वाटले. माझ्या मते त्याने या विषयाचे भलेच केले.

औषधाची चाचणी असती तर आपण चिठ्ठ्या टाकून दोन गट केले असते. मुलींच्या बाबतीत अर्ध्यांना शाळा आणि अर्ध्यांना नाही, असे करता येत नाही, करूही नये. मग संशोधकांनी इतिहासातच घडून गेलेले प्रयोग शोधले. तैवानने १९६८ मध्ये सक्तीचे शिक्षण सहा वर्षांवरून नऊ वर्षांवर नेले आणि १५० हून अधिक नव्या शाळा उघडल्या. कुठे जास्त, कुठे कमी. त्या वेळी वयात बसलेल्या मुलींना त्या मिळाल्या, थोड्याच मोठ्या असलेल्यांना नाही. या मुली आया झाल्यावर त्यांच्या बाळांची तुलना केली, तेव्हा अर्भकमृत्यू सुमारे ११ टक्क्यांनी कमी झालेला दिसला. झिंबाब्वेत १९८० च्या स्वातंत्र्यानंतर माध्यमिक शाळेची दारे कृष्णवर्णीय मुलींना उघडली. त्यांच्या मुलांचे मृत्यू थोड्या मोठ्या वयाच्या आयांच्या मुलांपेक्षा सुमारे २१ टक्क्यांनी कमी निघाले. उलट ब्रिटनमध्ये १९४७ साली शाळा सोडण्याचे वय १४ वरून १५ वर नेले, त्याचा पुढच्या पिढीच्या आरोग्यावर फारसा परिणाम सापडला नाही. मला यात विसंगती दिसत नाही. जिथे प्रत्येक बाळाच्या दाराशी नर्स येते, तिथे आईच्या शिक्षणावर बाळाचा जीव टांगलेला नसतो.

शाळेत नेमके काय मिळते, याचा माग हार्वर्डचे मानववंशशास्त्रज्ञ रॉबर्ट लव्हाइन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी घेतला. मेक्सिको, व्हेनेझुएला, झांबिया आणि नेपाळ येथे त्यांनी आयांना रेडिओवर येतात तसे आरोग्यसंदेश ऐकवले आणि काय समजले ते परत सांगायला लावले. वाचायला दिले. आजाराची हकिकत सांगायला लावली. थोडीच वर्षे आणि तीही साध्या शाळेत गेलेल्या बायकांनासुद्धा हे अधिक जमत होते. वर्गात बसून मुलगी एक गोष्ट नकळत शिकते. समोरचे परके, मोठे माणूस पुस्तकी भाषेत काही सांगत असते. ते ऐकायचे, लक्षात ठेवायचे आणि विचारल्यावर क्रमाने सांगायचे. दवाखान्यात नेमके हेच करावे लागते. 'ओआरएसचे पाकीट एक लिटर पाण्यात, ते पाणी २४ तासांत संपवा, उरले तर फेका' ही सूचना म्हणजे परक्याने दिलेला छोटासा पाठच आहे. मी हल्ली सूचना देऊन झाल्या की आईला म्हणते, "आता मला सांग बघू, घरी जाऊन काय करशील?" उत्तर चुकले तर माझे सांगणे चुकले, असे धरून पुन्हा सांगते.

२०१० मध्ये 'लॅन्सेट'मध्ये १७५ देशांचा १९७० ते २००९ असा हिशेब आला. या काळात पाच वर्षांखालील मृत्यूंत ८२ लाखांची घट झाली आणि त्यातली ४२ लाखांची घट स्त्रियांच्या वाढलेल्या शिक्षणाशी जोडता आली. २०२१ च्या दुसऱ्या एका मोठ्या अभ्यासात बारावीपर्यंत शिकलेल्या आईच्या मुलांचा मृत्यूचा धोका अजिबात न शिकलेल्या आईच्या मुलांपेक्षा ३१ टक्क्यांनी कमी होता. त्याच अभ्यासात बापाच्या बारा वर्षांच्या शिक्षणाचा आकडाही आहे: १७ टक्के. 

या संशोधनाचा एक गैरवापर मात्र मी पुष्कळ ऐकला आहे. बाळ दगावले की वॉर्डात कुणीतरी म्हणते, "आईच अडाणी, काय करणार?" आकडे समूहाबद्दल बोलतात; ते एका बाईला दोषी ठरवायला वापरायचे नसतात. शिवाय तिच्या शिक्षणाची वाट पाहत एक पिढी घालवायची गरज नाही, हे आपल्याच गडचिरोलीत सिद्ध झाले आहे. डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या 'सर्च' संस्थेने १९९० च्या दशकात ३९ गावांत पाचवी ते दहावी शिकलेल्या गावातल्याच बायकांना नवजात बाळाची काळजी घ्यायला शिकवले. जंतुसंसर्ग ओळखणे, तोंडाने कोट्रायमोक्साझोल आणि जेंटामायसिनचे इंजेक्शन देणे, बाळाला ऊब देणे. जंतुसंसर्ग झालेल्या बाळांतला मृत्यूचा दर १६.६ टक्क्यांवरून २.८ टक्क्यांवर आला. तिसऱ्या वर्षी नवजात मृत्युदर तुलनेच्या ४७ गावांच्या मानाने ६२ टक्क्यांनी कमी झाला. हा निबंध १९९९ मध्ये 'लॅन्सेट'ने छापला. आईची शाळा झाली नसली, तरी शेजारणीची थोडी शाळा आणि चांगले प्रशिक्षण दारापर्यंत आले होते.

२०११ पासून केंद्र सरकारने अशा घरभेटी आशाताईंच्या कामात घातल्या. दवाखान्यात बाळंतपण झाले असेल तर ३, ७, १४, २१, २८ आणि ४२ व्या दिवशी, घरी झाले असेल तर पहिल्या दिवशीही. तुमच्या घरी किंवा शेजारी नवे बाळ आले असेल, तर या तारखा कॅलेंडरवर लिहून ठेवा आणि आशाताई आल्या की बाळाच्या आईला त्यांच्यासमोर बसू द्या, बोलू द्या. बाळ दूध ओढत नसेल, अंग गार किंवा फार गरम लागत असेल, श्वास मिनिटाला ६० किंवा त्याहून जास्त चालत असेल, छाती आत ओढली जात असेल, झटके येत असतील किंवा बाळ मलूल पडले असेल, तर पुढच्या भेटीची वाट न पाहता त्याच तासाला दवाखाना गाठा.